तीस रेषांची प्रत : बेटी बोल्टन व आद्य दूरचित्रवाणीचा पुरावा

१. प्रस्ताव

जुन्या कागदपत्रांच्या शोधांत आयुष्य घालविणाऱ्यांस एक गोष्ट अनुभवानें ठाऊक असते. सुवाच्य, शुद्ध व सुशोभित प्रत ही बहुधा उत्तरकालीन असते. आणि जी खरोखर त्या काळची, ती पुष्कळदां कसर लागलेली, पाण्यानें भिजलेली, कडा झडलेली व पहिल्या दृष्टीस निरर्थक वाटणारी अशी असते. ह्या दोहोंपैकीं विश्वास कोणीवर ठेवावयाचा, हा प्रश्न पोथ्यांपुरताच आहे असें आम्हांस पूर्वीं वाटत असे. परंतु इ. स. १९३२ ते १९३६ ह्या काळांत लंडन येथें दूरचित्रवाणीचा जो आरंभ झाला, त्यांतील दोन गायिकांविषयींचे उपलब्ध पुरावे तपासतां तोच प्रश्न तेथेंही, अगदीं तशाच स्वरूपांत, उभा राहतो असें दिसून आलें. म्हणून हा विषय परदेशचा व यंत्रयुगांतला असूनही ह्या पत्राच्या वाचकांपुढें मांडण्याचें धाडस करितों.

त्या दोघींपैकीं एकीचें नांव ह्या विषयावरील बहुतेक ग्रंथांतून येतें. दुसरीचें तिच्या स्वतःच्या देशांतही थोड्यांसच ठाऊक आहे. आमचा विषय ही दुसरी, म्हणजे बेटी बोल्टन (१९०६–२००५) ही गायिका व नटी, होय. आमचें प्रतिपाद्य थोडक्यांत असें आहे: कीर्तिमान् गायिकेचें जें स्वच्छ चित्र आज दाखविलें जातें, तें त्या प्रक्षेपणाची प्रत नव्हेच, उलट बोल्टनबाईंचें जें अंधुक चित्र एका तबकडीवर राहिलें आहे, तें कितीही सदोष असलें तरी प्रत्यक्ष प्रक्षेपणापासून उतरलेलें आहे, आणि म्हणून पुरावा ह्या नात्यानें त्याची योग्यता अधिक आहे.

२. ‘पहिली’ कोण?

दूरचित्रवाणीवर प्रथम कोण गाइलें, असा प्रश्न नेहमीं केला जातो. ‘आद्य’ हें विशेषण कोणत्याही इतिहासांत जपून वापरावें लागतें. येथें तर फारच. कारण येथें आरंभ एक नसून अनेक आहेत. ते कालानुक्रमें देतों.

जॉन लोगी बेअर्ड ह्या स्कॉटिश संशोधकानें ता. २६ जानेवारी १९२६ रोजीं लंडनच्या सोहो भागांत, फ्रिथ स्ट्रीटवरील आपल्या प्रयोगशाळेंत, रॉयल इन्स्टिट्यूशनच्या सभासदांस हलत्या चेहऱ्याचें चित्र दाखविलें. ता. ११ सप्टेंबर १९२८ रोजीं अमेरिकेंत स्केनेक्टडी येथील केंद्रानें ‘द क्वीन्स मेसेंजर’ ही नाटिका चित्रासह प्रक्षेपित केली. तींत इझेटा ज्यूएल व मॉरिस रँडल हीं दोघें होतीं. ता. ३० सप्टेंबर १९२९ पासून बेअर्डची कंपनी बी. बी. सी.च्या प्रक्षेपकावरून चित्रें पाठवूं लागली. परंतु त्या वेळीं प्रक्षेपक एकच मिळत असल्यामुळें प्रथम माणसाचें मुकें चित्र व मागाहून त्याच माणसाचा आवाज, असा क्रम ठेवावा लागे. ता. ३१ मार्च १९३० पासून दोन प्रक्षेपक मिळाले व चित्र आणि ध्वनि बरोबरीनें जाऊं लागले. त्या दिवशीं ग्रेसी फील्ड्स ही नामांकित गायिका गाइली. त्याच वर्षीं ता. १४ जुलै रोजीं पिरान्देल्लो ह्या इटालियन नाटककाराची ‘द मॅन विथ द फ्लॉवर इन हिज माउथ’ ही नाटिका झाली.

ह्यांपैकीं लंडन येथील प्रयोग बेअर्डचे, त्याच्या कंपनीचे किंवा तिच्या साहाय्यानें झालेले. ता. २२ ऑगस्ट १९३२ रोजीं मात्र बी. बी. सी.नें स्वतःच्या इमारतींत, स्वतःच्या निर्मात्याच्या देखरेखीखालीं, दूरचित्रवाणीचे नियमित कार्यक्रम सुरू केले. त्या पहिल्या रात्रीच्या कलावंतांत बेटी बोल्टन होत्या. त्यांच्याबरोबर लुई फ्रीअर, बेटी अ‍ॅस्टेल व फ्रेड डग्लस हीं होतीं.

पुढें इ. स. १९३५ च्या सप्टेंबरांत तीस रेषांची ही पद्धति बंद झाली व अधिक सूक्ष्म चित्राच्या पद्धतीची तयारी चालू झाली. तिचे पहिले प्रायोगिक कार्यक्रम ऑगस्ट १९३६ मध्यें ऑलिंपिया येथील रेडिओ-प्रदर्शनासाठीं झाले. त्यांत हेलन मॅके ही गाइली. नंतर ता. २ नोव्हेंबर १९३६ रोजीं अलेक्झांड्रा पॅलेस येथून समारंभपूर्वक उद्घाटन झालें व त्या दिवशीं अ‍ॅडेल डिक्सन ह्या गाइल्या.

म्हणजे ‘पहिली गायिका’ ह्या पदावर ग्रेसी फील्ड्स, बेटी बोल्टन व त्यांच्या त्या रात्रीच्या सहकारिणी, हेलन मॅके आणि अ‍ॅडेल डिक्सन, इतक्या जणींचा हक्क सांगतां येतो. प्रत्येकीचा हक्क खरा आहे, पण निरनिराळ्या अर्थानें. कोणत्या केंद्रावरची, कोणत्या पद्धतीनें, ध्वनीसह कीं ध्वनीवांचून, प्रायोगिक कीं नियमित, हें सांगितल्यावांचून ‘पहिली’ हा शब्द उच्चारणें म्हणजे शक न सांगतां तिथि सांगण्यासारखें आहे. तेव्हां तो वाद आम्ही येथेंच सोडतों. आमच्या दृष्टीनें अधिक महत्त्वाचा प्रश्न निराळा आहे: ह्या सर्वांच्या त्या त्या वेळच्या गाण्याचा प्रत्यक्ष अवशेष कोणाचा व कोणत्या स्वरूपांत उरला?

३. तीस रेषांचें चित्र

ज्या वाचकांस यंत्रशास्त्राचा परिचय नाहीं त्यांच्यासाठीं ही रीत थोडक्यांत सांगणें अवश्य आहे. कारण पुढील सर्व विवेचन तीवर अवलंबून आहे.

गाणारी व्यक्ति एका अंधाऱ्या खोलींत उभी राही. एका प्रखर दिव्यापुढें, कडेनें लहान लहान आरसे बसविलेलें एक चाक वेगानें फिरे. त्यायोगें प्रकाशाचा एक बारीक ठिपका त्या व्यक्तीच्या अंगावरून सरळ रेषेंत धांवत जाई. एक रेषा संपली कीं तिच्या शेजारीं दुसरी, अशा तीस रेषा झाल्या म्हणजे एक चित्र पुरें होई. आणि अशीं साडेबारा चित्रें एका सेकंदांत होत. आपली पोथी डावीकडून उजवीकडे व वरून खालीं वाचावयाची. ह्या चित्राची प्रत्येक रेषा पाहणाऱ्याच्या दृष्टीनें खालून वर जाई व रेषांचा क्रम उजवीकडून डावीकडे असे. चित्र उभट असे. उंची सात भाग तर रुंदी तीन भाग.

ठिपका गोऱ्या गालावर पडला कीं अधिक प्रकाश परत फिरे, काळ्या केसांवर पडला कीं कमी. हा कमीअधिकपणा प्रकाशास संवेदनशील अशा विद्युत्-घटांत टिपला जाई व त्याचें विजेच्या कमीअधिक प्रवाहांत रूपांतर होई. पाहणाऱ्याच्या घरीं एका निऑन दिव्यापुढें भोंकें पाडलेली चकती तेवढ्याच गतीनें फिरे, आणि त्या दिव्याच्या नारिंगी प्रकाशांत त्याच तीस रेषा पुन्हा उमटत. ह्या चकतीची मूळ कल्पना पॉल निप्को ह्या जर्मन संशोधकाची. ती त्यानें इ. स. १८८४ मध्यें नोंदविली होती.

आतां तीस गुणिले साडेबारा म्हणजे सेकंदास तीनशें पंचाहत्तर रेषा. हा वेग मनुष्याच्या कानाच्या कक्षेंतला आहे. म्हणून चित्र वाहणारी ही वीज कर्ण्यास जोडली तर चित्राऐवजीं एक खरखरीत गुणगुण ऐकूं येई. आणि म्हणूनच ती आवाजासाठीं बांधलेल्या सामान्य प्रक्षेपकावरून पाठवितां येई. चित्र २६१ मीटर लांबीच्या लहरींवरून व आवाज सुमारें ३९९ मीटर लांबीच्या लहरींवरून, अशा दोन वाटांनीं एकच गाणें लोकांच्या घरीं येई; दोन्ही घ्यावयाचीं तर दोन ग्राहकयंत्रें लागत. चित्र व ध्वनि ह्यांची ही मुळांतलीच फारकत वाचकांनीं लक्षांत ठेवावी. पुढें तिचें कारण पडेल.

४. बोल्टनबाई व त्यांचें रंगस्थान

बेटी बोल्टन ह्या लंडनच्या विनोदी व संगीत रंगभूमीवर काम करीत, आणि नृत्याच्या वाद्यवृंदांबरोबर गाऊन त्यांनीं ग्रामोफोनच्या तबकड्याही भरून दिल्या होत्या. रंगभूमीच्या इतिहासांत पहिल्या ओळींत ज्यांचीं नांवें येतात त्यांपैकीं त्या नव्हत. परंतु ज्यांच्या कष्टांवर अशा रंगभूमीचा रोजचा व्यवहार चालतो, त्या कसलेल्या कलावंतांपैकीं त्या एक होत्या. नव्या यंत्राला पहिल्या दिवसांत असेच लोक लाभतात. मोठ्या कीर्तीच्या माणसास अंधुक तीस रेषांत आपला चेहरा घालण्याचा मोह कमी असतो.

हे कार्यक्रम बी. बी. सी.च्या ब्रॉडकास्टिंग हाउस ह्या त्या वेळीं नव्या असलेल्या इमारतीच्या तळघरांत, ‘बी बी’ ह्या अक्षरांनीं ओळखल्या जाणाऱ्या स्टुडिओंत होत. निर्माते युस्टेस रॉब हे होते. रात्रीं उशिरां, बहुधा अकराच्या सुमारास, कार्यक्रम लागे. इ. स. १९३४ च्या फेब्रुवारींत हा संसार जवळच्याच पोर्टलंड प्लेसमधील १६ क्रमांकाच्या घरांत हलला व ता. ११ सप्टेंबर १९३५ रोजीं संपला.

त्या खोलींत गाणें सोपें नव्हतें. अंगावर एकसारख्या झगझगणाऱ्या ठिपक्याखेरीज दुसरा उजेड नसे. चित्राची चौकट इतकी अरुंद कीं, पाऊलभर बाजूस सरलें तर गाणारी व्यक्ति चित्राबाहेर जाई. शिवाय ते विद्युत्-घट तांबड्या प्रकाशास विशेष संवेदनशील असल्यामुळें नेहमींच्या लाल ओठांचा रंग चित्रांत उतरत नसे. ओठ गालांत मिसळून नाहींसे होत. म्हणून चेहऱ्यास पांढरा लेप, आणि ओठ व भुंवया ह्यांस निळाकाळा रंग लावीत. समोर उभें राहून पाहणाऱ्यास ती मुद्रा भेसूर वाटावी. परंतु तीस रेषांच्या पलीकडे जो कोणी बसला असेल, त्यास त्यामुळेंच ती ओळखूं येई. मोडी लिहिणारा कारकून जसा कित्येक अक्षरें वाचणाऱ्याच्या सरावावर सोंपवून मोडून लिहितो, तशीच ही रंगभूषा होती. तिचा अर्थ पाहणाऱ्याच्या टोंकास लागे, लिहिणाऱ्याच्या नव्हे.

५. तबकडीवरील चित्र

आतां मुख्य पुराव्याकडे वळूं. चित्राची वीज कानाच्या कक्षेंतली असल्यामुळें ती आवाजाप्रमाणेंच ग्रामोफोनच्या तबकडीवर कोरतां येईल, हें प्रथम बेअर्डच्याच ध्यानांत आलें. त्यानें इ. स. १९२७–२८ मध्यें असे प्रयोग केले. त्यांतील उपलब्ध तबकड्यांपैकीं सर्वांत जुनी ता. २० सप्टेंबर १९२७ ची असून तिच्यावर बोलक्या बाहुल्याचा खेळ करणाऱ्यांच्या बाहुल्याचें मस्तक आहे, ता. २८ मार्च १९२८ च्या तबकडीवर एका स्त्रीचा चेहरा असून चिठ्ठीवर ‘मिस पाउन्सफर्ड’ एवढें नांव आहे. पोथीच्या शेवटीं पुष्पिका असावी तशी ही चिठ्ठी. ती नसती तर त्या चेहऱ्याचा वारस मिळता ना. परंतु ह्या तबकड्यांवरून समाधानकारक चित्र परत काढणें बेअर्डास त्या वेळीं साधलें नाहीं व तो प्रयत्न त्यानें सोडून दिला. शिवाय त्या प्रयोगशाळेंतल्या होत, प्रक्षेपणाच्या नव्हत.

प्रक्षेपणापासून उतरलेल्या प्रती ह्याहून निराळ्या. इ. स. १९३० नंतर इंग्लंडांत घरच्या घरीं ॲल्युमिनियमच्या कोऱ्या तबकडीवर ध्वनि कोरून घेण्याचीं लहान साधनें विकत मिळूं लागलीं होतीं. त्यांचा उपयोग करून कांहीं हौशी लोकांनीं रेडिओवरून येणारी चित्राची गुणगुण तबकडीवर उतरून घेतली. अशा तबकड्यांपैकीं एकीवर ता. २१ एप्रिल १९३३ रोजीं झालेल्या ‘लुकिंग इन’ नांवाच्या नृत्यगायनाच्या कार्यक्रमाचा सुमारें चार मिनिटांचा भाग आहे. त्यांत पॅरामाउंट अ‍ॅस्टोरिया गर्ल्स ह्या नर्तकींचा ताफा नाचतांना दिसतो. दुसऱ्या कांहीं तबकड्यांवर इ. स. १९३२ ते १९३५ ह्या काळांतील कार्यक्रमांचे तुटक अंश आहेत, आणि त्यांतील एकींत गात असलेली जी स्त्री दिसते ती बेटी बोल्टन होय, अशी ओळख पटली आहे.

ह्या अंशाचें स्वरूप नीट समजून घेतलें पाहिजे. तो लहान आहे. तो मुका आहे. कारण वर सांगितल्याप्रमाणें आवाज दुसऱ्या लहरींवरून गेला व तो ह्या तबकडीवर आलाच नाहीं. तबकडी साध्या ग्रामोफोनवर लाविली तर गाणें ऐकूं येत नाहीं व चित्रही दिसत नाहीं. ऐकूं येते ती केवळ खरखर. उलट बाईंच्या आवाजाच्या ज्या बाजारी तबकड्या निघाल्या त्यांत आवाज आहे, पण मुख नाहीं. एकाच गायिकेचें मुख एका तबकडीवर व कंठ दुसऱ्या तबकडीवर, अशी ही वांटणी झाली आहे. एकाच बखरीचे पूर्वार्ध व उत्तरार्ध दोन घराण्यांच्या दप्तरांत सांपडावे, त्यांतलाच हा प्रकार.

६. पाठशुद्धि

ही खरखर वाचण्यायोग्य करण्याचें श्रेय डोनाल्ड मॅक्लीन ह्या अभियंत्यास आहे. त्यांनीं इ. स. १९८० नंतरच्या दशकापासून संगणकाच्या साहाय्यानें बेअर्डच्या व हौशी लोकांच्या तबकड्या तपासल्या आणि इ. स. २००० मध्यें ‘रिस्टोरिंग बेअर्ड्स इमेज’ ह्या ग्रंथांत आपली रीत व निष्कर्ष मांडले. पोथ्यांचें संपादन करणाऱ्यांनीं ह्या रीतीकडे अवश्य लक्ष द्यावें. कारण ती आपल्याच रीतीची बहीण आहे.

तबकडीवरील दोष दोन जातींचे असतात. कांहीं दोष मूळ चित्राचेच: रेषा तीसच, चौकट अरुंद, प्रकाश कमी. कांहीं दोष प्रत उतरतांना शिरलेले: फिरण्याची गति कमीअधिक झाल्यामुळें रेषा आपल्या जागेवरून सरकणें, यंत्राच्या थरथरीनें चित्र वांकडें होणें, सुईच्या ओरखड्यांनीं मध्येंच ठिपके पडणें. पहिल्या जातीचे दोष तसेच ठेवावयाचे. दुसऱ्या जातीचे मात्र, ते कोणत्या कारणानें उत्पन्न झाले हें ठरवून, एकेक रेषा आपल्या जागीं बसवून दूर करावयाचे. म्हणजे संपादकानें लेखक-प्रमाद काढावयाचे, कवीचें काव्य सुधारावयाचें नाहीं.

आपल्याकडे हाच दंडक भांडारकर प्राच्यविद्या संशोधन मंदिराच्या महाभारताच्या चिकित्सित आवृत्तींत पाळला गेला. विष्णु सीताराम सुखटणकर ह्यांची आदिपर्वाची सुप्रसिद्ध प्रस्तावना इ. स. १९३३ ची. अर्थ सुबोध होतो म्हणून सोयीचा पाठ घ्यावयाचा नाहीं, प्रतींच्या पुराव्यानें जो सिद्ध होईल तोच घ्यावयाचा, हें तिच्या विचाराचें सार. ज्या वर्षीं पुण्यांत तो विचार छापला जात होता, त्याच वर्षीं लंडनमधील कोणी हौशी मनुष्य घरांत बसून ॲल्युमिनियमच्या तबकडीवर नर्तकींची गुणगुण कोरीत होता. त्या दोघांस एकमेकांची वार्ता असण्याचें कारण नव्हतें. परंतु पहिल्याच्या नियमानेंच पुढें दुसऱ्याची प्रत वाचावी लागली.

अशा रीतीनें शुद्ध केलेल्या चित्रांत बोल्टनबाईंचा चेहरा, मान वळविणें, ओठांची हालचाल व गातांनाचा अभिनय, इतकें स्पष्ट होतें. हें थोडें वाटेल. परंतु स्थिर छायाचित्रांतून जें कधींही मिळालें नसतें, तें ह्यांत आहे: त्या अंधाऱ्या खोलींत, त्या अरुंद चौकटींत, एक कसलेली नटी यंत्राच्या अडचणीशीं कशी जुळवून घेत होती, ती रीत. थोड्या रेषांत मावेल एवढाच पण ठळक अभिनय करावयाचा, ही पुढें दूरचित्रवाणीची स्वतंत्र कला झाली. तिचा उगम येथें डोळ्यांनीं पाहतां येतो.

७. स्वच्छ प्रत व तिचा मोह

आतां दुसऱ्या गायिकेकडे येऊं. अ‍ॅडेल डिक्सन (१९०८–१९९२) ह्या मोठ्या योग्यतेच्या नटी होत्या, इ. स. १९२९–३० च्या हंगामांत लंडनच्या ओल्ड व्हिक नाट्यगृहांत जॉन गिलगुड ह्यांच्याबरोबर त्यांनीं ज्युलिएटची भूमिका केली होती. ता. २ नोव्हेंबर १९३६ च्या उद्घाटनासाठीं ‘टेलिव्हिजन’ ह्याच नांवाचें एक गीत मुद्दाम रचविलें होतें. शब्द जेम्स डायरेनफोर्थ ह्यांचे व संगीत केनेथ लेस्ली-स्मिथ ह्यांचें. तें गीत म्हणतांना डिक्सनबाईंचें एक सुरेख बोलकें चित्र उपलब्ध आहे, व तें दूरचित्रवाणीच्या इतिहासावरील कार्यक्रमांतून वारंवार दाखविलें जातें. पाहणाऱ्यास सहजच वाटतें कीं, आपण त्या दिवसाचें प्रक्षेपणच पाहत आहों.

वस्तुस्थिति तशी नाहीं. तें चित्र ‘टेलिव्हिजन कम्स टु लंडन’ ह्या चित्रपटासाठीं सिनेमाच्या कॅमेऱ्यानें स्वतंत्रपणें घेतलेलें आहे. दूरचित्रवाणीच्या कॅमेऱ्यानें त्या दिवशीं जें पाहिलें व लहरींवरून जें गेलें, त्याची प्रत उरलेली नाहीं. त्या काळीं तेथें दोन प्रतिस्पर्धी पद्धति पाळीपाळीनें वापरीत: बेअर्डची २४० रेषांची व मार्कोनी-ई. एम. आय.ची ४०५ रेषांची. इ. स. १९३७ च्या आरंभीं बेअर्डची पद्धति सोडून देण्यांत आली. दोहोंतही प्रत्यक्ष दिसणारें चित्र चित्रपटाइतकें निर्मळ नव्हतें. तेव्हां जो कोणी त्या चित्रपटावरून १९३६ च्या दूरचित्रवाणीच्या चित्राचा दर्जा ठरवील, तो छापील आवृत्तीच्या कागदावरून मूळ पोथीच्या कागदाचें वय ठरविणाऱ्याप्रमाणें फसेल.

येथें एक विलक्षण कार्यकारणभाव दिसून येतो. तीस रेषांचें चित्र दरिद्री होतें म्हणूनच तें ग्रामोफोनच्या तबकडीवर मावलें. ४०५ रेषांचें, सेकंदास पंचवीस चित्रें देणारें प्रक्षेपण शेंकडों पटींनीं संपन्न. तें कोणत्याही तबकडीवर कोरतां येण्यासारखें नव्हतें. पडद्यावरील चित्र फिल्मवर उतरून ठेवण्याची व्यवस्था बी. बी. सी.नें इ. स. १९४७ च्या सुमारास सुरू केली. त्यापूर्वींच्या अलेक्झांड्रा पॅलेसच्या प्रक्षेपणाचा प्रत्यक्ष अवशेष म्हणून ज्याचा उल्लेख होतो, तो इ. स. १९३८ मध्यें वातावरणाच्या विशेष अनुकूलतेमुळें लंडनचें चित्र न्यूयॉर्कपर्यंत पोंचलें असतां तेथील अभियंत्यांनीं पडद्यावरून घेतलेला सुमारें चार मिनिटांचा मूक चित्रपट होय. म्हणजे संपन्न पद्धतीचे अवशेष नामशेष झाले आणि दरिद्री पद्धतीचे उरले. जाड्याभरड्या कागदावरील हिशेबाच्या वह्या टिकतात व सोनेरी बेलबुट्टीच्या पोथ्या नाहींशा होतात, हें आपण आपल्या प्रांतांतही पाहतोंच.

डिक्सनबाईंच्या चित्राचें मोल आम्ही कमी लेखीत नाहीं. त्यांचा आवाज, पोशाख, गाण्याची ढब, हें सर्व त्यांत अस्सल आहे. परंतु त्यास ‘समकालीन नक्कल’ म्हणावें, ‘मूळ प्रत’ म्हणूं नये, एवढाच आमचा आग्रह आहे.

८. पुराव्याची प्रतवारी

ह्यावरून अशा विषयांतील पुराव्यांचा क्रम आम्ही पुढीलप्रमाणें लावूं. सर्वांत वर, प्रक्षेपणापासूनच उतरलेली प्रत, मग ती कितीही त्रुटित असो. तिच्या खालीं, त्याच काळीं त्याच कलावंतानें दुसऱ्या साधनापुढें केलेला प्रयोग. चित्रपट व ग्रामोफोनच्या तबकड्या ह्या वर्गांत येतात. तिसरा वर्ग आगाऊ छापलेल्या कार्यक्रमपत्रिकांचा. त्या संकल्पाचा पुरावा होत, घडल्याचा नव्हत. आयत्या वेळीं कोण आजारी पडलें व कोण बदलीस आलें, हें पत्रिकेंत नसतें. चौथा वर्ग उत्तरकालीन आठवणींचा. आठवण प्रामाणिक असूनही तारखेस चुकते. परंतु खोलींतला अंधार, रंगाचा लेप, चौकटीबाहेर जाण्याची धास्ती, असल्या गोष्टी आठवणींवांचून दुसरीकडे सांपडत नाहींत.

बोल्टनबाईंच्या बाबतींत ह्या चारी वर्गांचा योग जुळला हें भाग्यच म्हणावयाचें. त्या शंभरीच्या उंबरठ्यापर्यंत जगल्या. तबकड्या वाचण्याची विद्या सिद्ध झाली तेव्हां त्या हयात होत्या. सुमारें साठ वर्षें जी केवळ खरखर म्हणून पडून राहिली, तिच्यांतून ज्या व्यक्तीचा चेहरा बाहेर आला ती व्यक्ति अद्याप भूतलावर असावी, असें संशोधकाच्या आयुष्यांत क्वचितच घडतें.

९. उपसंहार

ह्यांतून आम्हांस जें शिकावयाचें तें यंत्राविषयींचें नाहीं. त्या हौशी मनुष्यास आपल्या तबकडीवरचें चित्र पुढें कोणी शुद्ध करून पाहील, अशी खात्री असण्याचें कारण नव्हतें. त्याच्या घरच्यांस तर तो कानास त्रास देणारा निरुपयोगी धातूचा तुकडाच वाटावयाचा. तरीही कोणी तरी तो टाकून दिला नाहीं. बेटी बोल्टन ह्यांच्या त्या काळच्या हालत्या चेहऱ्याचें अस्तित्व एवढ्या एकाच धाग्यावर लोंबत होतें.

इतिहासाचार्य राजवाडे गांवोगांव हिंडून कागद गोळा करीत, त्या काळीं किती रुमाल वाण्याच्या पुड्यांत व किती विहिरींत गेले ह्याची गणती नाहीं. ते टाकणारे लोक दुष्ट नव्हते; मोडी वाचतां येईनासें झाल्यामुळें त्यांस तें केवळ फराटे वाटले. जें आपणांस वाचतां येत नाहीं तें निरर्थक, ही समजूतच खरी शत्रु आहे. आज वाचतां येत नाहीं, म्हणून उद्यांही कोणास येणार नाहीं, असें ठरविण्याचा अधिकार आपणांस कोणीं दिला?

म्हणून संग्राहक बंधूंस आमची विनंति आहे कीं, जुन्या घरांच्या माळ्यावर पोथ्यांबरोबर बिनचिठ्ठीच्या तबकड्या, फिती किंवा चित्रपटाचीं गुंडाळीं सांपडल्यास तीं वाजत नाहींत वा दिसत नाहींत म्हणून टाकूं नयेत. तीं कोणाच्या घरीं, कोणत्या सालच्या कागदांबरोबर मिळालीं, एवढें टिपण जोडून कोरड्या जागीं ठेवावीं. आपल्याकडे मुंबईचें दूरदर्शन केंद्र ता. २ ऑक्टोबर १९७२ रोजीं सुरू झालें. त्याच्या आरंभींच्या वर्षांत ज्यांनीं गाइलें, वाजविलें, रंगभूषा केली, दिवे धरले, त्यांची पिढी आतां वृद्ध झाली आहे. मोठ्या नांवांची नोंद कोणी ना कोणी ठेवीलच. परंतु जीं नांवें पत्रिकेच्या तळाशीं बारीक टाइपांत छापलीं गेलीं, त्या माणसांच्या आठवणी व त्यांच्या घरचीं टिपणें आजच मिळवून ठेवलीं पाहिजेत. तीस रेषा राहिल्या तरी चेहरा परत मिळतो. पण त्या तीस तरी राहिल्या पाहिजेत.